'उगाच' आले की 'सहज' आले? मराठीत नव्याने येणाऱ्यांसाठी

मी धारवाडची. घरात कन्नड, शाळेत कन्नड, मराठी फक्त बाजारात कानावर पडायची. २०११ मध्ये नोकरीसाठी पुण्यात आले. भाजी, रिक्षा, बँक एवढ्यापुरतं मराठी महिना-दीड महिन्यात जमलं. अडले ते एका लहानशा शब्दापाशी.

एका रविवारी संध्याकाळी खालच्या मजल्यावर घरमालकीण काकूंकडे गेले. त्यांनी दार उघडून विचारलं, "काय गं, काही काम होतं का?" आमच्याकडे अशा वेळी 'सुम्ने बंदे' म्हणतात. म्हणजे काम काही नाही, तुम्हाला भेटावंसं वाटलं म्हणून आले. 'सुम्ने'ला मराठीत काय म्हणतात ते मी कोशात पाहून ठेवलं होतं. म्हटलं, "काही नाही काकू, मी उगाच आले."

काकूंचा हात कडीवरच राहिला. "अगं, असं का म्हणतेस? कोणी काही बोललं का तुला?" मला आत नेऊन बसवलं, पाणी दिलं, घरी सगळं ठीक आहे ना विचारलं. मी म्हटलं होतं 'भेटायला आले', आणि त्यांना ऐकू आलं होतं 'मी इथे यायलाच नको होतं'.

कोशातला अर्थ चुकीचा नव्हता. 'उगाच' म्हणजे कारणाशिवाय, हेतूशिवाय, हे बरोबरच आहे. पण एवढ्यावर तो शब्द वापरता येत नाही. पुढे जे लिहिते आहे ते मी कुणा वर्गात शिकले नाही, ऐकून, विचारून आणि चुकून शिकले. तुम्ही नोकरीसाठी, शिक्षणासाठी किंवा लग्न होऊन मराठी घरात आला असाल, तर तुमचे काही महिने वाचतील. तुमच्या घरात परभाषक सून किंवा जावई आले असतील, तर हे त्यांच्याबरोबर बसून वाचा.

सोबत काय हवं

- खिशात मावेल अशी वही. फोनमध्ये टिपलं तरी चालेल, पण वहीत रकाने आखता येतात.
- एक मराठी माणूस, जो तुमची चूक तिथल्या तिथे सांगेल. "चालतंय, कळलं आम्हाला" म्हणून सोडून देणारा प्रेमळ माणूस या कामाला उपयोगाचा नाही.
- मराठीचा एखादा जुना कोश. मोल्सवर्थचा कोश (पहिली आवृत्ती १८३१, दुसरी १८५७) आता संगणकावरही चाळता येतो.
- दहा-पंधरा दिवसांचा धीर.

१. आधी एक गोष्ट पक्की करा: 'उगाच' हा निवाडा आहे

बहुतेक नवखे लोक इथेच फसतात, कारण प्रत्येकाच्या भाषेत या जागेवर एक शब्द तयार असतो. कन्नड माणसाकडे 'सुम्मने', तमिळ माणसाकडे 'सुम्मा', तेलुगू माणसाकडे 'ऊरिके', गुजराती माणसाकडे 'अमस्तुं', हिंदी माणसाकडे 'यूं ही' किंवा 'ऐसे ही'. आपण तो शब्द काढतो आणि त्या खाचेत 'उगाच' बसवतो.

पण 'सुम्ने बंदे' म्हणताना बोलणारा स्वतःच्या येण्याला बरं-वाईट काही म्हणत नाही. 'उगाच आले' म्हणताना मात्र तो म्हणतो की याची गरज नव्हती. हेतू नव्हता हे सांगणं वेगळं आणि गरज नव्हती हे सांगणं वेगळं. दुसऱ्यात एक मत आहे. 'उगाच' तोंडातून काढण्याआधी मनात 'गरज नव्हती' किंवा 'गरज नाही' असं म्हणून पाहा. वाक्य जुळलं तर बोला. नाही जुळलं, तर तुम्हाला बहुधा 'सहज' हवं आहे.

२. कोण बोलतंय, कुणाच्या कृतीबद्दल, आणि ती झाली की व्हायची आहे?

हे तीन प्रश्न मी वहीत रकाने करून लिहिले होते, आणि सगळा गुंता तिथे सुटला. पहिल्या रविवारी काकूंकडे पाहुणे आले होते. त्या एका दुपारी मी 'उगाच' ११ वेळा टिपला, आणि तो ११ ठिकाणी एकच काम करत नव्हता.

स्वतःची झालेली कृती असेल तर पश्चात्ताप. "उगाच बोललो मी त्याला." "उगाच छत्री आणली, एक थेंब नाही." पहिल्या वाक्यात खंत आहे, दुसऱ्यात नुसती चुटपुट, पण दिशा एकच.

समोरच्याची झालेली कृती असेल तर ठपका. "तू उगाच तिला सांगितलंस." हे वाक्य मऊ आवाजात म्हटलं तरी आत टोक राहतंच.

समोरच्याची व्हायची कृती असेल तर सल्ला, आणि तिथे 'नको' किंवा 'कशाला' पाठोपाठ येतं. "उगाच उन्हात जाऊ नकोस." "आता उगाच कशाला जागता, झोपा." यात माया असते. आजी-आजोबांच्या तोंडी 'उगाच' सगळ्यात जास्त याच रूपात सापडेल.

मनाची अवस्था असेल तर निवाडा गळून पडतो. "आज उगाचच उदास वाटतंय." "उगीचच हसू येत होतं." इथे कारण सापडत नाही, एवढंच म्हणायचं असतं. कोशातला 'कारणाशिवाय' हा अर्थ निखळ रूपात मला फक्त इथे भेटला. अशा वेळी बहुतेक वेळा 'च' दोनदा येतो, तो कान देऊन ऐका.

आणि एक 'उगीच आपलं'. "कुठे राहता हो तुम्ही? नाही, उगीच आपलं विचारलं." यातल्या 'आपलं'चा मालकीशी संबंध नाही. प्रश्न आगाऊ वाटू नये म्हणून बोलणारा एक पाऊल मागे घेतो. मी हा अर्थ समजायला फार वेळ घेतला, कारण प्रत्येक शब्दाचा वेगळा अर्थ लावत बसले. हे दोन्ही शब्द एकत्रच उचला.

तिसऱ्या माणसाबद्दल बोलताना 'उगाच' काही ठरावीक शब्दांना चिकटून येतो. ते जोड्यांनीच पाठ करा: उगाच फाटे फोडणं, उगाच नाक खुपसणं, उगाच भाव खाणं, उगाच डोकं खाणं, उगाच आव आणणं. या जोड्या घरगुती गप्पांत बिनधास्त वापरा. ज्याच्याबद्दल बोलताय तो खोलीत नाही, एवढं पाहा.

३. उगाच, उगीच, उगा: यातलं कुणाचं कोणतं?

मराठीत विशेषणं लिंगाप्रमाणे बदलतात हे आपण घोकलेलं असतं: चांगला, चांगली, चांगलं. म्हणून पुरुषाने 'उगाच' म्हणायचं आणि बाईने 'उगीच', असा समज होतो. मी दोन महिने इमानाने 'उगीच'च म्हणत होते. तसं काही नाही. काकूही 'उगाच' म्हणतात आणि काकाही 'उगीच' म्हणतात. क्रियाविशेषण म्हणून आज दोन्ही रूपं सगळ्यांची आहेत.

समज निराधार मात्र नाही. मूळ शब्द 'उगा' हे विशेषण आहे, त्याचा अर्थ गप्प, शांत, स्थिर. तो उगा राहिला, ती उगी राहिली, ते उगे राहिले. त्याला 'च' लागून क्रियाविशेषण झालं आणि लिंगाचा संबंध सुटला. जुन्या कोशांत 'गप्प' हा अर्थ आजही मिळेल. शेजारच्या कोंकणीत 'ओगी राव' म्हणजे गप्प राहा.

हे वाचलं तेव्हा मला फार आनंद झाला, कारण आमच्या 'सुम्मने'चंही अगदी हेच आहे. 'सुम्निरु' म्हणजे गप्प बस. तमिळमध्ये 'सुम्मा इरु', तेलुगूत 'ऊरुको'. गप्प असणं आणि काही कारण नसणं, हे दोन अर्थ इतक्या भाषांनी एकाच शब्दात ठेवले आहेत. जो काही करत नाही तो गप्प बसलेला असतो, आणि ज्यामागे काही नाही ते 'उगाच' होतं, असा मी त्याचा माझ्यापुरता अर्थ लावते. दक्षिणेतून आलेल्यांना हा शब्द परका वाटायचं कारण नाही. वापर तेवढा वेगळा.

नुसता 'उगा' बोलण्यात येतो, गावाकडे जास्त: "उगा कशाला बडबडतोस?" नवख्याने 'उगाच' आणि 'उगीच' एवढ्यावर भागवावं.

लिहिताना 'उ' ऱ्हस्व आणि 'गी' दीर्घ. 'ऊगाच' लिहू नका. उच्चारातला 'च' चूल आणि चोर यांतला, चहा आणि चार यांतला नव्हे. हिंदीकडून येणाऱ्यांचा 'च' इथे चहातला होतो. जीभ वरच्या दातांच्या मागे टेकवून म्हणून पाहा. हाच 'च' मीच, तूच, असाच यांतही आहे, त्यामुळे एकदा बसला की बरंच काही सुधारतं.

४. नकार जोडताना थांबा

"मी उगाच गेले नाही."

या वाक्याचे दोन अर्थ आहेत. मैत्रिणीच्या लग्नाला गेले नाही आणि आता वाईट वाटतंय, जायला हवं होतं, हा एक. गेले ते काही कारण होतं म्हणूनच गेले, हा दुसरा. अगदी उलट अर्थ, शब्द तेच. मराठी माणूस आवाजावरून ते वेगळे करतो. पहिल्यात 'उगाच'नंतर किंचित थांबतो आणि 'गेले नाही' एका दमात म्हणतो. दुसऱ्यात जोर 'उगाच'वर पडतो.

लिहिताना आवाज नसतो, म्हणून मोबाइलवर संदेश पाठवताना मी एक नियम पाळते. दुसरा अर्थ हवा असेल तर 'नाही' उचलून 'उगाच'ला चिकटवते: "मी उगाच नाही गेले." पहिला अर्थ हवा असेल तर 'उगाच' टाळून "जायला हवं होतं" असं सरळ लिहिते.

'उगाच नाही' ही जोडी स्वतंत्रपणेही शिकून घ्या, ती फार भारदस्त आहे. "आळंदीहून पंढरपूरपर्यंत लोक उगाच नाही चालत जात." म्हणजे त्यामागे काहीतरी मोठं आहे. 'उगाच का?' हाच अर्थ प्रश्नाच्या रूपात देतो: "लोक उगाच का नाव घेतात तिचं?" त्याचं उत्तर द्यायचं नसतं.

५. "कशाला गं उगाच!" याचा अर्थ

पहिल्या दिवाळीनंतर धारवाडहून परत येताना काकूंसाठी पेढ्यांचा पुडा आणला. काकू म्हणाल्या, "कशाला गं उगाच!" मला वाटलं, आवडलं नाही, नको होते. पुढच्या खेपेला रिकाम्या हाताने आले. काकूंनी दोन दिवस वाट पाहून विचारलं, "या वेळी पेढे नाही आणलेस?"

मग मी पहिला प्रसंग पुन्हा आठवून पाहिला. 'कशाला गं उगाच' म्हणताना त्यांनी पुडा दोन्ही हातांनी घेतला होता. माझ्यासमोर दोरा सोडवला, एक पेढा वाटीत काढून देवापुढे ठेवला आणि दुसरा माझ्या हातावर. तोंड 'नको' म्हणत होतं आणि हात आनंदाने घेत होते.

अशा वेळी शब्दांकडे न पाहता हातांकडे पाहा. भेट घेताना, पाहुणचार स्वीकारताना, कोणी आपल्यासाठी धावपळ केली तर 'उगाच' म्हणजे आभार. मराठी घरात जवळच्या माणसाला 'धन्यवाद' म्हटलं तर परकं वाटतं, म्हणून ते काम 'उगाच' करतो: "उगाच तुम्हाला त्रास." "एवढं कशाला केलंत उगाच." तुम्हाला कोणी असं म्हटलं तर उत्तर तयार ठेवा: "त्रास कसला त्यात!" आणि तुम्ही कुणाकडे जेवायला गेलात तर निघताना हे वाक्य जरूर म्हणा. यजमानीणबाईंचा चेहरा पाहा.

कौतुक झालं तरी तो येतो. कोणी म्हटलं, "किती सुंदर गातेस!" तर उत्तर येतं, "चल, उगाच काहीतरी!" तिला तुम्ही खोटं बोलताय असं वाटलेलं नसतं. ती लाजलेली असते.

मग खरा नकार कसा ओळखायचा? खऱ्या नकारात 'उगाच' शेवटी लोंबकळत नाही. "नको, खरंच नको" असं येतं आणि हात पुढे होत नाही.

६. शेजारचे शब्द: कोणता कुठे

'सहज' आधी शिका, कारण माझी दारातली चूक त्यानेच टळली असती. "सहज आले होते." "सहज फोन केला." काम नाही, पण येणं, बोलणं हवंसं आहे. माणसांशी नातं जोडणारी हेतूशिवायची कृती मराठीत 'सहज'ने सांगतात. त्याचा दुसरा अर्थ 'सोपेपणाने' हाही आहे ("सहज उचललं"), पण घोटाळा होत नाही.

'असंच' हे हिंदीतल्या 'ऐसे ही'चं हुबेहूब रूप म्हणून सगळे वापरतात. "का विचारलंस?" "असंच." इथवर ठीक. पण "मी अशीच आले" म्हणालात तर 'आहे त्या कपड्यांत, न आवरता आले' असाही अर्थ निघतो. शिवाय हा शब्द लिंगाप्रमाणे बदलतो, असाच, अशीच, असंच. येण्या-जाण्याबद्दल 'सहज'च बरा.

'फुकट' आणि 'उगाच' यांतला फरक मला एका सरकारी कचेरीच्या पायरीवर कळला. दाखल्यासाठी गेले, साहेब रजेवर. घरी येऊन म्हटलं, "उगाच गेले." काका म्हणाले, "उगाच कसं? काम होतंच की. फेरी फुकट गेली म्हण." काम होतं पण झालं नाही, ते फुकट. कामच नव्हतं, ते उगाच. त्यांनीच दुसरा शब्द दिला, 'हेलपाटा': "हेलपाटा पडला." कचेरीत जाणाऱ्या प्रत्येकाला तो लागतो, घेऊन ठेवा.

'नाहक' तेव्हा, जेव्हा संबंध नसलेल्या माणसाला सोसावं लागतं. "भांडण त्या दोघांचं आणि बोलणी मला, नाहक." यात अन्याय आहे, 'उगाच'मध्ये तो असेलच असं नाही.

७. ऑफिसात आणि कागदावर

वरिष्ठांच्या झालेल्या कृतीला 'उगाच' लावू नका. "सर, तुम्ही उगाच मेल पाठवला" हे वाक्य मी एका नवीन मुलाच्या तोंडून ऐकलं आहे. त्याला म्हणायचं होतं, 'तुम्ही कष्ट घ्यायला नको होते'. सरांना ऐकू आलं ते वेगळंच. त्याऐवजी "सर, मीच पाठवला असता, तुम्हाला त्रास झाला" असं म्हणा. काळजीबद्दल मात्र चालतं: "सर, तुम्ही उगाच काळजी करताय, होईल सगळं वेळेत." कारण तिथे तुम्ही त्यांचं ओझं कमी करता.

लेखी अर्ज, तक्रार, सूचना यांत 'विनाकारण' लिहा. २०२० च्या टाळेबंदीत पोलिसांच्या गाडीवरच्या भोंग्यातून 'विनाकारण घराबाहेर पडू नका' असं ऐकू यायचं, आणि त्याच वेळी घरात काकू मला म्हणायच्या, "उगाच खाली जाऊ नकोस गं." सांगणं तेच, एकाला वर्दी आहे आणि दुसऱ्याला घर. सोसायटीला पत्र लिहायचं असेल तर "आम्हाला विनाकारण दंड आकारण्यात आला आहे" असं लिहा. 'उगाच दंड लावला' हे जिन्यात बोलायचं वाक्य आहे. 'निष्कारण' आणि 'व्यर्थ' छापील मराठीत दिसतील, ओळखता आले की पुरे.

८. 'उगी उगी' वेगळं ठेवा

बाळ रडत असेल तर मराठी घरात "उगी उगी" म्हणतात. हा तोच जुना शब्द, 'गप्प, शांत' या अर्थाचा, आणि त्याला 'च' लागत नाही. पाठीवर हात फिरवताना पहिला 'उगी' जरा लांबवतात, दुसरा खाली सोडतात. यात 'रडायचं कारण नाही' असा ठपका अजिबात नाही, फक्त जवळ घेणं आहे. मोठ्या माणसाला मात्र असं म्हणू नका, चिडवल्यासारखं होतं.

९. आठवडाभराचा सराव

पहिले चार दिवस 'उगाच' स्वतः म्हणायचाच नाही, फक्त टिपायचा. एसटी, मंडई, ऑफिसचा डबा खायचा वेळ, आणि सगळ्यात उत्तम म्हणजे दोन बहिणींचं फोनवरचं बोलणं. वहीत तीन रकाने: कोण म्हणालं, कुणाच्या कृतीबद्दल, कृती झालेली की व्हायची. मालिकांमधलं टिपू नका, तिथे ठपक्याचा 'उगाच' फार आणि मायेचा कमी.

पाचव्या दिवसापासून बोलायला लागा, पण स्वतःच्या झालेल्या कृतीपासून. "उगाच स्वेटर घातला." यात कोणी दुखावत नाही. मग सल्ल्याचा, मग आभाराचा. ठपक्याचा 'उगाच' सगळ्यात शेवटी, आणि तोही अशा माणसाशी जो तुमच्याशी भांडून पुन्हा बोलेल.

शेवटी ही चार वाक्यं तुमच्या त्या चूक सांगणाऱ्या माणसासमोर म्हणा आणि प्रत्येकाचा अर्थ त्याला सांगा.

"उगाच एवढं केलंत." जेवून निघताना म्हटलं तर आभार. न सांगता तुमची खोली कोणी आवरली आणि कागद हलवले, तेव्हा म्हटलं तर तक्रार.

"मी उगीच आपलं म्हटलं." म्हटलेलं मागे घेतलं, पण पुरतं नाही.

"ती उगाच नाही रागावली." तिच्या रागाला कारण आहे, ते शोधा.

"काकू, सहज आले." दार उघडेल, आणि बहुतेक चहाही ठेवला जाईल.